इबिझाचं गाणं आणि इबिझातलं घरभाडं

सप्टेंबर २०१३. तेव्हा मी इंग्लंडात लेस्टरला प्रोजेक्टवर होतो, टीममधल्या तिघांनी स्वस्तातली विमानाची तिकिटं शोधून काढली आणि आम्ही चार दिवस इबिझाला, म्हणजे क्लबांसाठी गाजलेल्या स्पेनच्या बेटावर, जाऊन आलो. सान अँटोनियोमधलं साधंच हॉटेल, सकाळी नाश्त्याला टोमॅटो चोळलेला ब्रेड आणि अंडं, आणि कॉफी आणून देणारा एक पोरगा, विशीतला, स्पेनमधल्याच सेव्हियाकडचा. तो कप ठेवताना ट्रेच्या कडेवर बोटांनी ठेका धरायचा आणि तोंडाने एक सूर गुणगुणायचा, फार तर सात-आठ स्वरांचा, तोच तोच. पहिल्या दिवशी माझं लक्षही गेलं नाही. दुसऱ्या दिवशी तोच सूर टॅक्सीत ऐकू आला, संध्याकाळी समुद्राकाठच्या बारमध्ये सूर्य बुडताना आला, आणि रात्री दोनच्या सुमाराला क्लबमध्ये वाजला तेव्हा आजूबाजूची दोन-तीन हजार माणसं एकदम ओरडली आणि मीही ओरडलो, म्हणजे ट्रॅक कुणाचा ते मला ठाऊक नव्हतं पण तोपर्यंत तो माझा झाला होता. तिसऱ्या दिवशी त्या पोराला विचारलं, काय रे, नाव काय ह्या गाण्याचं? तो हसला. नाव नाहीये म्हणाला, अजून बाजारातच आलं नाहीये, आम्ही आपले त्याला ‘ता-ता-ती’ म्हणतो.

मला त्या पोराबद्दल लिहायचंय. इबिझाचा विषय निघाला की सगळे डीजेंबद्दल बोलतात, नाहीतर क्लबांबद्दल, आणि हल्ली तिकिटांच्या किमतीबद्दल. (आपल्याकडे डीजे म्हणजे माणूस नसतोच, ट्रकवर रचलेली स्पीकरची भिंत असते, ‘डीजे लावला’, ‘पोलिसांनी डीजे उचलून नेला’. इथे माणसाबद्दल चाललंय, गोंधळ नको.) डान्स म्युझिकमध्ये ज्याला अँथम म्हणतात, म्हणजे पहिले दोन ठोके पडले की अख्खा फ्लोअर हात वर करतो असं गाणं, ते स्टुडिओत तयार होतं असं मला वाटत नाही आणि एकटा डीजे ते करतो असंही वाटत नाही. ते करतात उन्हाळाभर त्या बेटावर राहून राबणारी माणसं, ग्लास विसळणारी, बीचवर तिकिटं खपवणारी, बारमागे उभी राहणारी. आणि म्हणून इबिझातल्या घरभाड्याचा प्रश्न मला म्युझिकचाच प्रश्न वाटतो. मित्र हसतात ह्यावर. हसू देत.

आधी एक गोष्ट मान्य करून टाकतो, हे बेट स्वतः जवळजवळ काहीच बनवत नाही. आकाराने बृहन्मुंबईपेक्षा जरासं लहान, वस्ती दीड लाखाच्या थोडी वर, आणि गाणी येतात शिकागोहून, फ्रँकफर्टहून, पॅरिसहून, इटलीतून, स्टॉकहोमहून. ‘कॅफे देल मार’ हे इबिझाचं गाणं म्हणून जगभर वाजतं, ते १९९३ मध्ये एनर्जी ५२ ह्या नावाखाली दोन जर्मनांनी केलं, नाव तेवढं सान अँटोनियोतल्या बारचं, आणि त्यातला सूर मुळात विम मेर्टेन्स नावाच्या बेल्जियन संगीतकाराचा. त्याच्या आधी १९८९ चं ‘सुएन्यो लातिनो’ बघा, नाव स्पॅनिश, बनवणारे इटालियन, आणि पाया कशाचा तर मान्युएल ग्योटशिंग ह्या बर्लिनच्या गिटारवाल्याने १९८१ मध्ये एका बैठकीत वाजवून ठेवलेल्या तासाभराच्या रेकॉर्डिंगचा. धान्य सगळं बाहेरचं. बेटाकडे आहे ती चाळणी. आणि चाळणी हलवायला कुणीतरी दिवसेंदिवस बसलेलं लागतं, चार दिवसांसाठी आलेल्या माझ्यासारख्याचं ते काम नव्हे.

ह्याचा सगळ्यात चांगला पुरावा खुद्द अल्फ्रेदोच्या गोष्टीत आहे. अल्फ्रेदो फिओरितो, अर्जेंटिनातल्या रोसारियोचा, तिथे लष्करी राजवट आल्यावर १९७६ मध्ये देश सोडून इबिझाला आला, पडेल ते काम केलं, बार सांभाळला, आणि बारमध्ये पडलेल्या टर्नटेबलांवर हात बसवला. ऐंशीच्या दशकाच्या मध्याला तो अम्नेशिया नावाच्या क्लबात वाजवायला लागला. तेव्हाचं अम्नेशिया म्हणजे जुनं शेतघर आणि वर मोकळं आकाश, छप्पर नाही. आणि गिऱ्हाईकही नाही, कारण गर्दी सगळी जवळच्याच ‘कू’ नावाच्या मोठ्या क्लबात. रात्र रिकामी जायची. मग एका पहाटे बंद झाल्यावर स्टाफ पगाराच्या पैशाची वाट बघत बसला होता, त्यांच्यातलाच कुणीतरी म्हणाला की बसलोच आहोत तर लाव काहीतरी. अल्फ्रेदोने लावलं. ‘कू’ सुटून घरी निघालेली मंडळी आवाज ऐकून आत शिरली आणि नाचायला लागली. दुसऱ्या दिवशी आणखी आली. मग अम्नेशियाने वेळच बदलली, बाकीचे बंद होतात तेव्हा हे उघडायचं आणि उन्हं डोक्यावर येईपर्यंत चालायचं.

त्या पहाटेचे पहिले श्रोते कोण होते ते बघा. पैसे मिळेपर्यंत घरी जाता येत नाही म्हणून थांबलेले वेटर. त्यांना काही तिकिटाचे पैसे वसूल करायचे नव्हते, कुठल्या गाण्याची फर्माईश नव्हती, दमलेले होते आणि वेळ होता. अशा माणसांसमोर डीजे काहीही लावून बघू शकतो. आणि अल्फ्रेदो लावायचाही काहीही, शिकागोचं ताजं हाउस (म्हणजे तिथल्या क्लबांतलं नाचाचं संगीत), त्यात प्रिन्स, त्यात बॉब मार्ली, वुडनटॉप्स नावाचा एक इंग्लिश गिटारवाला बँड ज्याला घरी इंग्लंडच्या चार्टमध्ये फारसं कुणी विचारत नव्हतं, आणि ‘हिबारो’, एल्किन आणि नेल्सन ह्या कोलंबियन भावांचं १९७४ चं गाणं. ह्यातलं अर्धं कुठल्याही शहाण्या क्लबमालकाने बंद करायला लावलं असतं. इथे त्याच गाण्यांची अँथम झाली, कारण तीच माणसं रोज तिथे होती आणि तोच माणूस रोज वाजवत होता. पहिल्यांदा विचित्र वाटलेलं गाणं दहाव्यांदा सवयीचं होतं आणि विसाव्यांदा त्याच्याशिवाय रात्र पुरी होत नाही. आपल्याकडे एसटी स्टँडवरच्या टपरीत एकच कॅसेट महिनोन्महिने वाजायची त्या काळात वाढलेल्यांना हे समजावून सांगायची गरज नाही.

आता १९८७. ही गोष्ट हजार वेळा सांगून झालीय: लंडनचे चार डीजे, पॉल ओकनफोल्ड, डॅनी रॅम्पलिंग, निकी हॉलोवे आणि जॉनी वॉकर, ओकनफोल्डच्या वाढदिवसाला आठवडाभर इबिझाला जातात, अम्नेशियात अल्फ्रेदोला ऐकतात, डोळे उघडतात, परत येऊन लंडनमध्ये क्लब काढतात, आणि ब्रिटनचं अख्खं तरुणपण बदलतं. ह्यात खोटं काही नाही, रॅम्पलिंगने वर्षअखेरीला साउथवर्कमधल्या एका जिममध्ये ‘शूम’ सुरू केला आणि पुढच्या वर्षी ब्रिटनभर अॅसिड हाउस नावाच्या नाचाच्या संगीताची लाट आली. पण गोष्ट अर्धीच आहे ना राव. आठवडाभरात चार माणसं काय काय लक्षात ठेवणार? गाण्यांची नावं कुणाला माहीत होती? परत आल्यावर फ्लोअरवर पहिले नाचले कोण? तर आधीच उन्हाळेच्या उन्हाळे तिथे काढलेली लंडनची पोरं-पोरी. ट्रेव्हर फंग सान अँटोनियोत बार चालवायचा. नॅन्सी टर्नर, जिला पुढे सगळे नॅन्सी नॉइज म्हणायला लागले, तिने १९८६ आणि १९८७ चे उन्हाळे बेटावर घालवले, अल्फ्रेदो काय वाजवतो ते विचारून विचारून त्या तबकड्या जमवल्या, आणि मग ओकनफोल्डच्या ‘फ्युचर’ क्लबमध्ये ती स्वतः वाजवायला उभी राहिली. सीझन संपवून परतलेल्या ह्या मंडळींसाठी ओकनफोल्डने दक्षिण लंडनमधल्या स्ट्रेथमच्या क्लबात उशिरा रात्री दार उघडं ठेवलं तेव्हा ती चळवळ तिथे उभी राहिली. त्यांच्याशिवाय ती चार माणसं म्हणजे सुट्टीचे फोटो दाखवणारे पाहुणे ठरली असती. इतिहास मात्र चौघांच्या नावावर. नेहमीचंच आहे म्हणा.

मी हे भावनेच्या भरात बोलत नाहीये, त्यामागची यंत्रणा साधी आहे. सीझन मेच्या आसपास उघडतो आणि ऑक्टोबरात क्लोजिंग पार्ट्या झाल्या की मिटतो, धरा बावीस आठवडे. रेसिडेंट डीजेचा, म्हणजे सीझनभर त्याच क्लबात वाजवणाऱ्याचा, आठवड्यातला एक वार ठरलेला. पूर्वी त्याच्याकडे पांढऱ्या लेबलची, नाव न छापलेली तबकडी यायची, आता फाइल येते. मेमध्ये तो ती रात्री एक वाजता लावून बघतो, फ्लोअर रिकामा होतो. पुढच्या आठवड्यात चारला लावतो, थोडे थांबतात. जूनमध्ये त्याच्या लक्षात येतं की अमुक एका गाण्यानंतर लावली की चालते. आता टुरिस्ट त्यात किती वेळा असतो? एकदा. कामाला आलेला पोरगा सुट्टीच्या रात्री क्लबात जातो (कामगारांना फुकट किंवा स्वस्तात सोडायची तिथे पद्धत आहे, क्लबवाले काही वेडे नाहीत), शिवाय त्याच्या बारमध्ये, बोटीवर, मित्राच्या स्कूटरच्या डिकीतल्या स्पीकरवर तेच ऐकतो, सीझन संपेपर्यंत शे-दीडशे वेळा आरामात होतं.

आणि मग ऑगस्टमधली ती रात्र येते. ट्रॅकच्या मधोमध किक काढून घेतात, म्हणजे छातीत बसणारा तो ठोका बंद, नुसता सूर तरंगत राहतो, ह्याला ब्रेकडाउन म्हणतात. नवख्या माणसाला ह्या क्षणी काय करायचं कळत नाही, पाय थांबतात, तो इकडे तिकडे बघतो. मी बघितलंय, मीच बघत होतो. तेव्हा माझ्या डावीकडे भिंतीला टेकून उभ्या चार-पाच जणी, काळे टी-शर्ट, बहुतेक ड्यूटी संपवून तशाच आलेल्या, त्यांनी ठोका परत यायच्या बऱ्याच आधी हात वर केले, अगदी संथपणे, घाई नाही, कारण त्यांना माहीत होतं अजून किती वेळ आहे. त्यांच्याकडे बघून त्यांच्या पुढच्यांनी केले. मग आमच्या रांगेने. ठोका परत आला तेव्हा सगळे तयार. डीजे वरून बघत असेल तर त्याला वाटणार हे आपण केलं.

नव्वदच्या दशकाच्या शेवटी तर हे सगळं धंद्याच्या कॅलेंडरातच बसवलं होतं. १९९५ पासून बीबीसी रेडिओ वन दर उन्हाळ्यात पीट टाँग ह्या आपल्या डीजेला आणि फौजेला घेऊन बेटावरून प्रक्षेपण करायला लागलं, पोरं सुट्टीवरून परतली की रेकॉर्डच्या दुकानात जाऊन काउंटरवरच्या माणसाला तोंडाने सूर गाऊन दाखवायची आणि लेबलवाले रिलीजची तारीख त्या हिशोबाने धरायचे. १९९९ च्या उन्हाळ्यात एटीबी नावाच्या जर्मन माणसाचं ‘नाइन पीएम’ ब्रिटनमध्ये एक नंबरला गेलं, गाण्यात शब्द म्हणावे तर मोजकेच. पुढच्या वर्षी इटालियन डीजे स्पिलरचं ‘ग्रूव्हजेट’. ते आधी नुसतंच वाद्यांचं होतं, १९७० च्या दशकातल्या कॅरल विल्यम्सच्या डिस्को गाण्याचा तुकडा उचलून केलेलं, क्लबांत चाललं म्हणून नंतर सोफी एलिस-बेक्स्टरचा आवाज चढवला, आणि ऑगस्ट २००० मध्ये त्याने व्हिक्टोरिया बेकहमच्या गाण्याला मागे टाकून पहिला नंबर घेतला. सप्टेंबरात फ्रेंच मोजोचं ‘लेडी’, तेही एक नंबर. म्हणजे नाचणाऱ्यांनी आधी गाणं घडवायचं, मग त्याला शब्द मिळायचे, मग दुकान.

इथे कुणीतरी म्हणणारच की अरे ‘ग्रूव्हजेट’ तर मायामीतल्या क्लबच्या नावावर आहे, मार्चमध्ये मायामीत सगळे डीजे जमायचे आणि तिथेच उन्हाळ्याची गाणी ठरायची. खरंय. पण ठरायची ती उमेदवारी. तिकीट मिळालं म्हणजे निवडून आलं असं होत नाही, आपल्याला तरी हे पक्कं माहीत आहे. मार्चमध्ये शंभर गाणी उचलली जायची, सप्टेंबरात चार उरायची, मधल्या काळात जे काही झालं ते ह्या बेटावर आणि त्याच्यासारख्या दोन-चार जागी झालं.

दुसरा आक्षेप जास्त वजनदार आहे, फोनचा. आता कोण उन्हाळाभर थांबतंय? अविची ह्या स्वीडिश डीजेचं ‘लेव्हल्स’ आठवा, एटा जेम्सच्या १९६२ च्या गाण्यातली ती आरोळी घेऊन केलेलं. ऑक्टोबर २०११ मध्ये रिलीज व्हायच्या आधी जवळजवळ वर्षभर ते नुसतं डीजेंच्या सेटमधून वाजत होतं, आणि लोक यूट्यूबवर हलत्या-डुलत्या व्हिडिओंमध्ये ते ऐकत होते. २०२४ चं ‘मूव्ह’ हे गाणंही आधी क्लिपांमधून सगळीकडे फिरलं. म्हणजे सेव्हियाच्या पोराचं काम आता लाखो फोन करतात, भाड्याचीही गरज नाही, झाला की प्रश्न संपला!

मला नाही वाटत संपला. फोनवर जे टिकतं ते वीस सेकंदांत कळणारं. कॅमेरा वर होतो तो ठोका परत यायच्या क्षणी, आणि क्लिप संपते ठोका आल्यावर लगेच. त्यामुळे गाणीही आता त्या वीस सेकंदांसाठीच बांधतात, बाकी सगळं भरताड. ग्योटशिंगचं ते तासभराचं, हळूहळू चढणारं वाजवणं आजच्या फोनवर अँथम झालं असतं का? वुडनटॉप्सचं गाणं पहिल्या ऐकण्यात कुणी शेअर केलं असतं का? जी गाणी पहिल्यांदा आवडत नाहीत आणि दहाव्यांदा सोडवत नाहीत त्यांना दहा वेळा ऐकणारा माणूस लागतो, त्याला दुसरा इलाज नाही. आणि बिननावाच्या गाण्याची मजा तर गेलीच. फोन काढला की चार सेकंदांत नाव, लेबल, वर्ष. ‘ता-ता-ती’ म्हणायची वेळच येत नाही.

बरं, क्लबही बदलले. मी काही ‘आमच्या वेळी’वाला नाही, माझी वेळ म्हणजे चार दिवस. पण ‘कू’चे जुने फोटो बघा, मध्ये स्विमिंग पूल, वर आभाळ. मे १९८७ मध्ये तिथे क्वीन बँडचा फ्रेडी मर्क्युरी आणि ऑपेरा गायिका मोन्सेरात काबाये ‘बार्सिलोना’ गायले. फ्रेडी म्हणजे आपल्या पाचगणीच्या शाळेतला फारुख, कुठल्या कुठे पोचला. पुढे आवाजाच्या तक्रारी वाढल्या, नियम आले, क्लबांवर छपरं चढली. ‘स्पेस’ हे क्लब सकाळी उघडायचं तेव्हा त्याच्या गच्चीवरून विमानं जायची आणि लोक विमानाला बघून ओरडायचे, तीही गच्ची झाकली गेली. मला वाटतं छपराखाली गाणी कठोर झाली, मोकळ्यावर जे संथ आणि खुळचट चालायचं ते बंद हॉलमध्ये चालेना. (शेजाऱ्यांची बाजू मला पूर्ण पटते हां. गणपतीच्या दहा दिवसांत लक्ष्मी रोडजवळ राहून दाखवा, मग बोला.)

छपरांपेक्षा टेबलांनी जास्त वाट लावली. डीजेच्या समोरची जी जागा पूर्वी नाचणाऱ्यांची होती तिथे आता दोरी लावलेली टेबलं, हजारो युरोंच्या बाटल्या, आणि बसलेली माणसं. बसलेल्या माणसाकडून अँथम होत नाही. तिकीट पन्नास ते शंभर युरो, पाण्याची बाटलीसुद्धा दहाच्या आसपास. एवढे पैसे टाकलेला माणूस साहजिकच ओळखीचंच मागणार, दीड तासासाठी विमानाने आलेला पाहुणा डीजे ओळखीचंच देणार. मालकीही तशीच वर सरकली: पाचा हा १९७३ पासूनचा क्लब २०१७ मध्ये एका गुंतवणूक कंपनीकडे गेला आणि २०२३ मध्ये दुबईच्या फाइव्ह होल्डिंग्जकडे. स्पेस २०१६ च्या ऑक्टोबरात बंद झालं, जागामालक मातुतेस कुटुंबाच्या समूहाने तिथे २०१७ मध्ये ‘हाय’ उघडलं. जुन्या ‘कू’च्या जागी २०२५ मध्ये ‘युनिव्हर्स’ आलं. आवाजाची व्यवस्था आता कितीतरी चांगली आहे म्हणतात, संडासही स्वच्छ. त्याबद्दल माझी तक्रार नाही. तक्रार ही की ह्या सगळ्या पैशातला किती वाटा ग्लास विसळणाऱ्याच्या खाटेपर्यंत जातो.

खाटेची गोष्ट. त्या पोराला मी विचारलं होतं, राहतोस कुठे. म्हणाला एका फ्लॅटमध्ये सात जण, माझी गादी रात्री माझी आणि दिवसा एका स्वयंपाक्याची, उठलो की तो झोपतो, चादर प्रत्येकाने आपली आणायची. हे तो तक्रारीच्या सुरात सांगत नव्हता, गंमत म्हणून सांगत होता, विशीत गंमतच वाटते. पण तेव्हा निदान गादी होती. आता त्या बेटावर शिक्षक, नर्स, पोलीस नेमणूक घ्यायला तयार होत नाहीत कारण पगारात घर बसत नाही, शेजारच्या मायोर्का बेटावर राहून विमानाने शाळेला ये-जा करणाऱ्या शिक्षकांच्या बातम्या येतात. हंगामी कामगार व्हॅनमध्ये, तंबूत राहतात. २०२४ च्या जुलैअखेरीला ‘कान रोवा’ नावाच्या जागेवरची अशीच तंबू-कॅरव्हॅनची वस्ती पोलिसांनी उठवली, त्यात बऱ्याच जणांना बेटावर रीतसर नोकरी होती. त्याच वर्षी मे महिन्यात इबिझाचे लोक घरांसाठी रस्त्यावर उतरले होते. दीड लाखाच्या बेटावर, शेजारचं फोर्मेंतेरा धरून, वर्षाला तीस लाखांहून जास्त पाहुणे येतात, प्रत्येकाला झोपायला जागा मिळते, आणि त्यांची गादी घालणाऱ्याला मिळत नाही.

आणि हे फक्त वेटरपुरतं नाही. होजे पादिया, ज्याने कॅफे देल मारच्या गच्चीवर सूर्यास्ताला धरून गाणी लावायची कला जगाला शिकवली, सुरुवातीला स्वतः कॅसेटी भरून विकायचा, १९९४ पासून निघालेल्या त्या बारच्या अल्बमांनी ‘चिलआउट’ (निवांत ऐकायचं संगीत) हा शब्द घराघरात नेला. २०२० मध्ये कॅन्सर झाला तेव्हा त्याला भाडं आणि बिलं भरायला चाहत्यांकडे मदत मागावी लागली. त्याच वर्षी ऑक्टोबरात तो गेला. ज्या सूर्यास्ताला त्याने किंमत मिळवून दिली त्याच्या किमतीने जमिनीचा भाव वाढला आणि त्यालाच भाडं जड गेलं.

माझी मागणी काही क्रांतिकारक नाही. क्लबला आणि मोठ्या हॉटेलला परवाना देताना पार्किंग किती, संडास किती, आग लागली तर दारं किती हे विचारतात ना, तसंच खाटा किती हेही विचारा. जेवढे हंगामी कामगार लावणार तेवढ्यांची झोपायची सोय दाखवा, नाहीतर माणसं कमी लावा आणि छोटा क्लब चालवा. काही हॉटेलवाले स्वतःहून स्टाफसाठी इमारती घेतायत, नाइलाज म्हणून, कारण माणूसच मिळेना. म्हणजे अशक्य नाहीये. ह्यावर बेटावरचा म्हातारा शेतकरी म्हणेल की पाणी नाही, रस्ते तुंबलेत, आणि तू पुण्यात बसून आणखी खाटा मागतोस? त्याचं बरोबर आहे, म्हणून नव्या खाटा नकोतच, बेकायदा टुरिस्ट फ्लॅटांवर कारवाई चालूच आहे, त्यातल्या काही कामगारांकडे वळवा. तीस लाखांतले थोडे कमी आले तर बेट बुडणार नाही. क्लबांनी दुसरं एक करावं, आठवड्यातल्या एका तरी रात्री स्थानिक रेसिडेंटला सात-आठ तास द्यावेत, पाहुणा नको, टेबलं नकोत, कामगारांना फुकट. त्या रात्री गल्ला कमी येईल. पण बाकी सहा रात्री जे विकताय ते त्या एका रात्रीतच पिकतं, हे त्यांच्या हिशोबनिसाला कुणीतरी सांगायला हवं.

गोव्याचं इथे नाव काढल्याशिवाय राहवत नाही, आणि नातं ओढून-ताणून आणलेलं नाही. सत्तरच्या दशकापासून तीच भटकी मंडळी उन्हाळा इबिझात आणि हिवाळा हणजुण्यात, म्हणजे अंजुनाला, काढायची, दोन्हीकडचे सीझन एकमेकांना पूरक. गोव्यातली चाळणी तर आणखी सरळ होती. उन्हात आणि धुळीत व्हिनाइलची तबकडी टिकायची नाही, वाकायची, म्हणून तिथे कॅसेटवर वाजवायचे, नंतर डॅट नावाच्या डिजिटल टेपवर. गोवा गिलसारखा डीजे अख्खी रात्र आणि वर सकाळ वाजवायचा, लोक एकमेकांत टेपा बदलायचे, बाजारात न आलेली गाणी हणजुण्याच्या वाळूत आधी जुनी व्हायची. १९९४ च्या डिसेंबरात ओकनफोल्डने रेडिओ वनवर ‘गोवा मिक्स’ केला तो ह्याच साठ्याच्या जोरावर. आता हणजुणे, आसगावात घरांचे भाव काय झालेत ते गोंयकारांना विचारा, आणि शॅकमध्ये मासे तळणारा ओडिशाचा, झारखंडचा, नेपाळचा मुलगा कुठे झोपतो तेही विचारा. आपण पुण्या-मुंबईचे लोक गोव्यात ज्या घरांत वीकेंडला उतरतो त्यातली बरीचशी आधी कुणाच्या तरी बारा महिन्यांच्या भाड्याची होती. मीही उतरलोय. खोटं कशाला बोला.

आमच्या त्या चौघांतला एक जण २०२४ मध्ये बायको-मुलीला घेऊन परत इबिझाला गेला होता. त्याला मी मुद्दाम सांगितलं होतं की नाश्त्याला वाढणाऱ्याला विचार, यंदा कुठलं गाणं गाजतंय. हॉटेल मोठं होतं, डायनिंग हॉलमध्ये संगीत कंपनीच्या टॅब्लेटवरून वाजत होतं, सगळ्या शाखांत एकच यादी. वाढणारी बाई चाळिशीची, कोलंबियाची. त्याने विचारलं. ती म्हणाली, क्लबात नाही हो जात मी, आम्ही विमानतळाच्या मागे व्हॅनमध्ये राहतो, रेडिओ आहे त्यात पण बॅटरी उतरते म्हणून रात्री लावत नाही.